थांबवलेली आरती

दादा, कुडाळच्या स्टँडवर तू माझी ट्रंक एसटीच्या टपावर चढवत होतास आणि बाबा माझं व्हायोलिन छातीशी धरून खाली उभे होते. भजनी मंडळाचे बुवा ते, मुलगा वादक व्हायला मुंबईला निघाला तरी तोंडावर काही दाखवेनात. गाडी सुटताना त्यांनी व्हायोलिन खिडकीतून आत सरकवलं आणि एवढंच म्हणाले, “चुकलंस तर थांब. चुकलेला पुढे रेटू नको.”

ते मी जरा जास्तच मनावर घेतलं. आज पंचवीस वादकांचा वाद्यवृंद चालवतो. दर रविवारी मरोळच्या इंडस्ट्रियल इस्टेटमधल्या एका गाळ्यात तालीम असते. घरघर सुरांत मिसळते म्हणून पंखा बंद. अर्धी मात्रा हुकली की मी हात वर करतो, सगळे थांबतात, परत पहिल्यापासून. मागच्या महिन्यात वाकोल्याची व्हायोलिनवाली, माझी सगळ्यात चांगली वादक, घाम पुसत म्हणाली, “सर, एवढं कोणाला ऐकू येतं?” मला येतं, म्हटलं. ती पुन्हा आली नाही. नाहूरला घरी आलो की बायको पान वाढते आणि झोपायला निघून जाते. थकलोय रे मी.

गावात म्हणतात, मुंबईने याला असा तिरसट केला. मुंबईचा काही दोष नाही. स्वभाव मी तिकडूनच आणला, इथे फक्त हातात छडी मिळाली.

पण मागच्या गणपतीत मी हद्द केली. बाबा गेल्यापासून आरती तू सांगतोस. झांजा पुढे पळत होत्या आणि सवयीने माझा हात वर गेला. भरल्या घरात आरती थांबली. वहिनीने कपाळाला हात लावला. माझ्याकडे न बघता तू पुन्हा सुरू केलीस. नंतर अंगणात म्हणालास, “आरती थांबवतत काय रे? हो काय तुझो कार्यक्रम?”

मग वर्षभर फोन नाही. मीही केला नाही, लाज वाटत होती. यंदा आपल्याला बोलावणं नाही असं धरूनच चाललो होतो.

काल तुझा फोन आला. “येतलंस तर ये. पण आरतीचा तबक तू धर, म्हणजे दोनय हात गुंतान ऱ्हवतले.”

मी हसलो, आणि फोन ठेवल्याठेवल्या कपाटावरची बॅग खाली काढली. इथे पंचवीस माणसं माझ्या इशाऱ्यावर वाजवतात. पण मी एवढा चुकलो तरी मला ‘ये’ म्हणणारं घर ते एकच आहे. येतोय, दादा.