शेखरनं लिहिलेली घटना

रावसाहेबांनी सातवीतच शाळा सोडून हडपसरला गॅरेज टाकलं. पण धाकट्या चंद्रशेखरला असा इंजिनिअर केला, असा केला, की आज न्यूझीलंडभरच्या मराठी मंडळाची घटना त्यानं लिहिली. आख्खी घटना! सरकारनं कायदाच काढला होता, सगळ्या संस्थांनी नवी घटना करा, नाहीतर नोंदणी जाईल. मंडळात डॉक्टर होते, वकील होते. पण लिहायला कोण लागलं? रावसाहेबांचा भाऊ!

मग काय, व्हिजिटर व्हिसावर भावाकडे आलेल्या रावसाहेबांनी पायात जँडल्स, म्हणजे तिथल्या रबरी चपला, अडकवल्या आणि ऑकलंडचं सगळं बॉटनी डाउन्स उपनगर पिंजून काढलं. "डोळे मिटून हो म्हणा. आमच्या शेखरनं लिहिलीय." मुलांकडे राहायला आलेले आजी-आजोबा त्यांचा शब्द खाली पडू देत नसत. ज्येष्ठांच्या बुधवारच्या कट्ट्याला हॉल मिळाला, तो रावसाहेब कमिटीत बसून भांडले म्हणूनच.

सभेच्या दिवशी वेलिंग्टन, ख्राइस्टचर्चची मतं ऑनलाइन येऊन पडली होती. ऑकलंडचे हात तेवढे वर व्हायचे होते. चहापाशी मनोरमाबाईंनी त्यांना गाठलं. बाई पुण्याच्या, रिटायर्ड शिक्षिका.

"रावसाहेब, वाचलीत का घटना?"

"शेखरनं लिहिलेलं मी काय तपासू?"

"मग ऐका. व्हिसावर आलेले आता नुसते पाहुणे. मत नाही, कमिटी नाही. तुम्हीसुद्धा."

"काहीतरीच! इंग्रजी कळलं नसेल तुम्हाला."

"जन्मभर इंग्रजीच शिकवलं हो मी."

रावसाहेब तडक शेखरकडे गेले. तो माइक लावत होता.

"काय रे, ह्या बाई काय म्हणतात?"

शेखरनं मान खाली घातली. "दादा, सांगणारच होतो. पण तू एवढा खूश होतास... हे बघ, इथं थंडी पडली की निम्मे ज्येष्ठ पुण्याला जातात. कोरमच होत नाही."

"आणि बुधवारचा हॉल?"

"ते कमिटी ठरवेल."

"कमिटीत आमचं कोण?"

शेखर माइकची वायर सरळ करू लागला.

"बदल की मग!"

"आता कसं बदलू? बाकीच्यांची मतं आलीत. आज ही पडली तर मंडळ बंद, दादा."

तेवढ्यात अध्यक्षांनी पुकारलं, "घटनेच्या बाजूनं हात वर करा."

तरुणांचे हात भराभर वर गेले. मागच्या रांगांतले आजी-आजोबा मात्र रावसाहेबांकडे बघत बसले. तुम्ही करा, मग आम्ही. रावसाहेबांनी शेखरकडे पाहिलं. ओठ चावत उभा होता, लहानपणी रिझल्टच्या दिवशी उभा राहायचा तसा. आता ह्याला चारचौघांत पाडायचं? ह्याला?

त्यांचा हात वर गेला. मागोमाग मागच्या रांगांतले हात गेले. मनोरमाबाईंचा तेवढा मांडीवरच राहिला.

टाळ्या झाल्या. शेखर सगळ्यांदेखत पाया पडायला वाकला. रावसाहेबांनी त्याच्या डोक्यावर हात ठेवला.

"माझा भाऊ," ते शेजारच्यांना म्हणाले. शेखरनं लिहिलीय, हे मात्र या वेळी जोडलं नाही.