हौसाबाई पडद्यावर

कोल्हापुरातल्या आमच्या चित्रकारांच्या गल्लीवर कुणीतरी माहितीपट केला. परवा सगळ्या गल्लीनं तो एकत्र पाहिला. मोठे चित्रकार बोलून झाले आणि पडद्यावर हौसाबाई आल्या. तीस वर्षं त्या चित्रकारांसमोर मॉडेल म्हणून बसतात. चित्रं गाजली, पण हौसाबाईंचं नाव कुणाला ठाऊक नाही. रंगवणाऱ्याचा हात सगळे पाहतात. समोर तासन्‌तास स्थिर राहणाऱ्याचा दम कोण पाहतो?

"तुम्ही काय करता?" पडद्यावर त्यांना कुणी विचारलं.

"मी बसते. हलायचं न्हाई, हीच माझी कला," म्हणत त्यांनी बसून दाखवलं. इतक्या निश्चल, की मागून कुणी ओरडलं, "अरे, फिल्म अडकली!"

माझ्या शेजारच्या खुर्चीतून हौसाबाई ताडकन उठल्या. "अडकली न्हाई, बाबा. ती मी हाय!"