नगाऱ्यावरचं सील

देवळाच्या दाराला पोलिसांनी कुलूप ठोकलं, त्याचं दणकेबुवांना एवढं वाटलं नाही. देव काय, चार दिवस विश्रांती घेईल! पण फौजदार नगाऱ्याकडे वळले आणि बुवा लगबगीने त्यांच्यामागे धावले.

बुवांच्या पहिल्या टोल्याने अख्खी गल्ली अंथरुणातून उठायची, म्हणून ते दणकेबुवा. खरं नाव त्यांचं त्यांनाही आठवावं लागे. वडिलांनी टिपऱ्या हाती देताना बजावलं होतं, "कातड्याला रोज ऊब हवी नि रोज हात हवा. नाहीतर रुसतं."

भांडण व्यवस्थापनाचं. कापडवाले शेठ आणि त्यांचे चुलतभाऊ कंत्राटदार, दोघेही म्हणत, खरा विश्वस्त मीच. नगारा ज्याच्या हुकमाने वाजतो त्याचं देऊळ, असा मुद्दा दोघांच्याही वकिलांनी काढला. कोर्टाने सांगितलं, निकाल लागेपर्यंत सगळं जैसे थे, देऊळही बंद नि नगाराही बंद.

फौजदारांनी लाख वितळवली आणि सील ठोकायला निघाले, तेही थेट कातड्यावर.

"अहो साहेब, कडेच्या लाकडावर लावा! चामडं जळेल!"

"आजोबा, वाजू नये म्हणून सील. मग वाजतं तिथेच लावणार ना?"

शेठ हसले, कंत्राटदारही हसले. वर्षानुवर्षं एकमेकांचं तोंड न बघणारे भाऊ तेवढ्यापुरते एक झाले! चरचर आवाज झाला. बुवांनी डोळे मिटून घेतले.

मग बुवा कोर्टाची पायरी चढले. नगाऱ्याला ऊब द्यायची परवानगी द्या, एवढंच मागणं. दोन्ही वकील ताडकन उठले, "हरकत आहे!" तारीख पडली. मग आणखी एक. हुकूम माणसं पाळतील हो, पण दमट हवा कुठला जैसे थे पाळते?

"बाबा, सोडा नाद," लेक चिडायची. "दोघांचं भांडण तिसऱ्याचा लाभ म्हणतात. इथे तिसऱ्याचंच दिवाळं!"

"तिसरा मी नव्हे गं, तिसरा तो नगारा. त्याचा वकील कोण?"

अखेर कोर्टाने देऊळ सरकारी प्रशासकाकडे सोपवलं. दार उघडलं. फौजदारांनी सील खरवडून काढलं, खाली काळाकुट्ट डाग. बुवांनी त्यावरून बोट फिरवलं.

"हा नगारा टोला नाही सोसायचा, साहेब. आधी नवं कातडं चढवू द्या."

"नाटकं पुरे, आजोबा. प्रशासकसाहेब खोळंबलेत. वाजवा!"

बुवांनी टिपरी उचलली. हात जमेल तितका हलका ठेवला. तरी पहिल्याच टोल्याला फर्रकन आवाज आला आणि डागापासून काठापर्यंत नगारा फाटला.

"हे कोणी फोडलं?" शेठ ओरडले. "लिहून घ्या!" कंत्राटदार ओरडले. फौजदारांनी खरोखरच पेन काढलं, "देवस्थानच्या मालमत्तेचं नुकसान. नाव सांगा."

मागे उभ्या हवालदाराने मान खाली घातली. तेवढीच काय ती एक शरमेने वाकलेली मान.

बुवांनी दोन्ही टिपऱ्या फौजदारांच्या हातावर ठेवल्या.

"नाव लिहा, दणकेबुवा. आणि या टिपऱ्याही सील करा साहेब. लाख आणलीय ना?"