पाहुण्यांसाठी पाठ केलेलं

नवऱ्याची रेल्वेतली बदली जयपूरला झाली, तेव्हा मी नागपूरची शाळेतली नोकरी सोडून आले आणि तिथल्या सोडाला भागातल्या भाड्याच्या घरात भिंती बघत बसले. शेजारणीने सांगितलं, मागच्या गल्लीतल्या छोट्या चर्चमध्ये संध्याकाळी वस्तीतल्या मुलांना शिकवायला कोणीतरी हवं आहे. आम्ही बौद्ध. पास्टरना मी पहिल्याच दिवशी सांगून टाकलं, गणित आणि हिंदी शिकवीन, प्रार्थनेचं तुमचं तुम्ही बघा. ते हसले आणि खडूचा डबा माझ्या हातात दिला.

वर्गात अकरा-बारा वर्षांची एक मुलगी होती. शाळेत तिचं नाव कधी घातलंच नव्हतं. आई तिलक नगरला धुणीभांडी करायची, आणि तिने लेकीला बजावलं होतं, जुलैत सरकारी शाळेने वयाप्रमाणे थेट सहावीत घेतलं तर शिक, नाहीतर माझ्याबरोबर कामाला चल. पोरगी जिवाच्या आकांताने अभ्यास करायची. अपूर्णांक तिला मला दुसऱ्यांदा सांगावे लागले नाहीत. नागपुरात पाचवीचा वर्ग मी वर्षानुवर्षं हाकला, पण असं डोकं क्वचित पाहिलं.

चर्चला मदत करणारे लोक अधूनमधून बाहेरगावाहून बघायला येत. त्यांच्यापुढे मुलांना उभं करून प्रभूची प्रार्थना म्हणवून घ्यायची तिथली पद्धत होती. मला ती भयंकर खटकायची. मुलं हिंदूंची, येतात अक्षरं शिकायला, आणि पाहुण्यांना ऐकवायचं काय, तर हे. पाढे म्हणवून घ्या, असं मी पास्टरना सुचवलं. ते म्हणाले, "मॅडमजी, पाढ्यांनी पंखे लागत नाहीत." माणूस वाईट नव्हता, आणि पंखे खरोखरच त्या पाहुण्यांनीच दिले होते. या मुलीचा आवाज स्वच्छ, म्हणून दरवेळी तिलाच पुढे करायचे. पाठ थोपटली जायची, एकदा कंपासपेटीही मिळाली. अनोळखी मोठं माणूस वर्गात आलं की उठून प्रार्थना म्हणायची, हे तिच्या अंगवळणी पडलं होतं.

होळीच्या आधी एका संध्याकाळी सात-आठ माणसं सरळ आत शिरली. एकाने फोन समोर धरला होता. इथे धर्म बदलतात अशी तक्रार आहे, म्हणाले. मी फळ्याकडे बोट दाखवलं, त्यावर भागाकार होता. तिकडे कोणी बघितलंही नाही. त्यांच्यातला एक जण त्या मुलीपुढे वाकला आणि अगदी गोड आवाजात म्हणाला, "बेटा, यहाँ क्या सिखाते हैं? सुनाओ."

ती उठली. हात जोडले, डोळे मिटले आणि पहिल्या शब्दापासून शेवटच्यापर्यंत म्हणाली, कुठेही न अडखळता. तिला गणित विचारा, असं मी मध्ये म्हणाले, तर फोनवाल्याने हातानेच मला गप्प केलं. म्हणून झाल्यावर तिने डोळे उघडले आणि शाबासकीची वाट बघत उभी राहिली.

तो व्हिडिओ घरोघरी पोचला. पास्टरना पोलिसांनी चौकशीला नेलं, वर्गाला कुलूप लागलं. तिलक नगरच्या एका घराने मुलीला ओळखून तिच्या आईला कामावरून काढलं. नवरा म्हणाला, आपण परगावची माणसं, आता तिकडे फिरकू नकोस. त्याची भीती खोटी नव्हती, तरीही मला त्याचा संताप आला. त्या लोकांचा आलाच होता, आणि पंखे देणाऱ्यांचाही.

पुढच्या महिन्यात मी वस्तीत तिच्या खोलीवर गेले. आई परातीत कणीक मळत होती, मुलगी बाजूला कांदा चिरत होती. माझ्याकडे बघून ती उठली नाही. मी आईला सांगितलं, तिला माझ्या घरी पाठव, जुलैपर्यंत मी तयारी करून घेते. आई कणीक मळतच राहिली, म्हणून मी मुलीलाच विचारलं, भागाकार कुठपर्यंत आला होता आपला?

ती कांद्यावरची नजर न काढता म्हणाली, "मुझे कुछ नहीं आता."

"मैंने सिखाया है," आई म्हणाली. तिच्या आवाजात राग नव्हता. "कोई भी आकर पूछे, यही बोलना."

त्या 'कोई भी'मध्ये आता मीही होते.