स्टॉकटनच्या पडद्यावर लुझमावशींची आई

"आठशे मैल? एका जुन्या सिनेमासाठी?" नवऱ्यानं विचारलं. "ऑफिसात माझं सॉफ्टवेअर रिलीज आहे यार, तुम्ही दोघी जा."

बेलव्ह्यूतल्या आमच्या शेजारी लुझमावशी निवृत्त नर्स आहेत, मूळच्या मनिलाच्या. त्यांच्या आईनं लग्नाआधी एकाच बोलपटात काम केलं होतं, नायिकेच्या मैत्रिणीचं. ही मैत्रीण ठरलेलं लग्न मोडून गाणं शिकायला बोटीनं शहरात जाते. दिग्दर्शकानं बजावलं होतं, बोट सुटताना मागे बघायचं नाही. पण धक्क्यावर शूटिंग बघायला तिची खरी आई, म्हणजे मावशींची आजी, उभी होती, पोरगी वळलीच. फिल्म महाग, दुसरा टेक झाला नाही. पुढे लग्न ठरलं आणि तिनं सिनेमा सोडला. तरुणपणीचे फोटो युद्धात जळाले. मावशींना तो चेहरा एकदा पाहायचा होता, आणि स्टॉकटनच्या फिलिपिनो हॉलमध्ये त्या बोलपटाची उरलेली रिळं व्हिडिओवर दाखवणार होते.

नकाशाचे प्रिंटआउट घेऊन आय-फाइव्ह हायवेनं सरळ दक्षिणेला निघालो. मुक्काम मेडफर्डला, मोटेल पंचेचाळीस डॉलर, सकाळची कॉफी फुकट. मावशींच्या डब्यात मी भरून दिलेली दाण्याच्या चटणीची सँडविचेस त्यांनी त्याआधीच संपवली होती.

"पुण्यात पेपरात होतीस ना? का सोडलंस?" गाडीत मावशींनी विचारलं.

"लग्न झालं. इथे डिपेंडंट व्हिसावर नोकरी करता येत नाही."

"आईसुद्धा एवढंच सांगायची. एका वाक्यात."

दुसऱ्या दिवशी दुपारी हॉल गाठला. पाच डॉलरच्या तिकिटात सिनेमा आणि ताटभर पांसित, म्हणजे भाज्या घातलेल्या तांदळाच्या शेवया. लवकर जा, लगेच संपतात. पडद्यावर एकीला घर हवं होतं, एकीला गाणं. दोन्ही मागणारी कुणीच नव्हती.

बोट सुटली. मैत्रीण वळली, आणि नेमकी तिथेच फिल्म खराब झालेली. मान दिसली, चेहऱ्याच्या जागी पांढरा डाग.

"पुन्हा लाव रे!" मागून एक आजी ओरडल्या. तीनदा लावलं. हॉलमध्ये कुणी कुरकुरलं नाही. तिन्ही वेळा डागच.

परतीच्या वाटेवर मावशी खिडकीबाहेर बघत राहिल्या. बेलव्ह्यूला पोचल्यावर बॅग उचलून जिना चढू लागल्या.

"मावशी, डबा राहिला!" मी खालून हाक मारली.

त्या वळल्या. आधी खांदा, मग हनुवटी. हुबेहूब पडद्यावरच्यासारख्या. इथे मात्र डाग नव्हता.

घरात शिरताच नवऱ्यानं विचारलं, "मग, दिसला चेहरा?"

"मला दिसला," मी म्हटलं. "त्यांना कसा दाखवू?"