निकालाची घाई

गल्लीत तिला सगळे काजवाली म्हणत. शिंपी शर्ट शिवून पाठवायचे, ही काजं करून, बटणं लावून परत द्यायची. बाई फटकळ, कुणाच्या बापाला भ्यायची नाही. पण धाकट्या भावाला पोलिसांनी नेलं त्या दिवसापासून दारावर नुसती थाप पडली तरी सुई बोटात शिरायची.

आरोप खुनाचा होता. गोदामाचा म्हातारा रखवालदार रात्री डोक्यात घाव बसून मेला, आणि धाकटा तिथेच हमाली करायचा. "तो रात्रभर घरीच होता," हिनं पोलिसांना ठणकावून सांगितलं. खोटं नव्हतं हो. ती झोपली तेव्हा तो अंथरुणात होता, उठली तेव्हाही होता. पण जामीन मिळाला नाही. पाच वर्षं झाली तरी खटला उभा राहीना. कधी जज्जसाहेब रजेवर, कधी साक्षीदार बेपत्ता, कधी सरकारी वकीलच बदललेले.

तोवर आई खंगत जाऊन अंथरुणाला खिळली. तिचे डोळे मिटायच्या आत पोरगा घरी यावा, हा एकच ध्यास काजवालीला लागला. आई मात्र म्हणायची, "चाललंय तसं चालू दे गं. कोर्टाच्या नादी कशाला लागतेस?" म्हातारी घाबरते, दुसरं काय! असं म्हणून ही कामाला लागायची.

शेवटी तिनं वकीलबाईंना गाठलं. "एकदाचा सोक्षमोक्ष लावा बाई. असं टांगून ठेवलेलं सोसवत नाही." वकीलबाईंनी वरच्या कोर्टात अर्ज केला. सुनावणीच्या दिवशी ही मागच्या बाकावर बसली होती. जज्जांनी सरकारी वकिलांना चांगलंच झापलं आणि हुकूम दिला, की सोमवारपासून खटला रोजच्या रोज चालवा आणि सहा महिन्यांत संपवा.

बाहेर आल्यावर वकीलबाई म्हणाल्या, "आता सगळी मदार तुझ्या साक्षीवर. शपथेवर सांगावं लागेल. समोरचे वकील उलटंसुलटं विचारतील."

"विचारू देत की! खरं सांगायला कसली भीती?" ती म्हणाली.

तशीच ती तुरुंगात गेली. जाळीपलीकडे धाकटा येऊन बसतो न बसतो तोच म्हणाली, "अरे, जिंकलो आपण! आता रोज चालणार केस!"

त्याचा चेहरा पांढराफटक पडला. "कुणी सांगितलं होतं तुला?"

"म्हणजे?"

"नसते उपद्व्याप कुणी सांगितले होते, ताई? चाललं होतं ना माझं इथं!"

इतक्या वर्षांत जे कधी विचारलं नव्हतं, ते तिनं आता विचारलं. "तू त्या रात्री घरीच होतास ना रे?"

शिपायानं वेळ संपल्याची हाक दिली, तसा तो लगबगीनं उठून निघून गेला. मागे वळूनही बघितलं नाही.

ती घरी आली आणि आईला कोर्टाचा हुकूम सांगितला. तशी आईनं लेकीचं मनगट धरलं. म्हातारीच्या हातात एवढा जोर कुठून आला, देव जाणे.

"कोर्टात सांगशील ना, तो घरीच होता म्हणून?"

"मी तसंच तर पाहिलं, आई."

"तू गाढ झोपली होतीस. पहाटे दार मी उघडलं त्याला. शर्टही मीच धुतला, तू उठायच्या आत."

काजवालीनं हात सोडवून घ्यायला हिसका दिला. आई मनगट सोडायला तयार नव्हती. सोमवारी खटला उभा राहणार होता, आणि तो लांबवा म्हणून सांगायला आता ती कुठल्या तोंडानं जाणार होती?