मंगळाच्या विमानावर केळीचा चीक

अन्याय माझ्यावर झाला. नव्वद सालच्या हिवाळ्यात, धुळ्यातल्या जिल्हा विज्ञान प्रदर्शनाच्या दुसऱ्या दिवशी, जेवणाच्या सुट्टीच्या जरा आधी. मी नववीत होते. पहिल्या नंबराला पुणं होतं, राज्याचं प्रदर्शन. आणि धुळ्याच्या पलीकडं मी काही पाहिलं नव्हतं.

मी मंगळावर उडवायचं विमान केलं होतं. तिथली हवा आपल्या हवेच्या शंभरातला जेमतेम एक भाग. एवढ्या विरळ हवेत तरंगायचं तर पंख लांबलचक हवेत आणि अंग हलकं. म्हणून केळीच्या वाळल्या सोपटाच्या, म्हणजे खोडाच्या सालीच्या, पट्ट्या, बांबूच्या कामट्या, वर पतंगाचा कागद. पंख माझे दोन्ही हात पसरावेत एवढे.

शिरपूरच्या आमच्या शाळेत, माझ्याच वर्गात, एका ठेकेदाराचा मुलगा होता. माझं ऐकून त्यानंही मंगळाचंच विमान केलं. थर्माकोलचं, पांढरंशुभ्र, आखूड जाड पंख, शेपटीला लाल दिवा. मंगळावर ते जमिनीवरून हललं नसतं. पण तो दिवा मला हवा होता, खोटं कशाला बोलू.

तालुक्यातून दोघांचीही निवड झाली. निघायच्या सकाळी आबांनी, म्हणजे माझ्या वडिलांनी, माझं विमान केळीच्या घडासारखं बांधलं. ताज्या तोडलेल्या हिरव्या पानांत.

"बठ्ठं नीट बांधेल शे, पोरी. आते वारा बी लागाव नही."

दिल्लीला जाणारा घडही ते असाच जपून बांधत. धुळ्यात पानं सोडली तर कागदावर चिकाचे तपकिरी डाग आणि पंख दमट, जड. केळीचा चीक धुऊन जात नाही, आमच्याकडं कुणालाही विचारा. 

परीक्षक आले. एकानं डागाला बोट लावून पाहिलं, विमान उचललं आणि सरळ मैदानात फेकलं. वारा होताच. पंख मुडपला.

"पडलं की गं."

"सर, ते मंगळासाठी आहे. इथल्या हवेत फेकायचं नाही, तक्त्यावर लिहिलंय."

"मग बक्षीसही मंगळावरच घे."

सगळे हसले. तो मुलगा सगळ्यांत मोठ्यानं. त्याचं विमान कुणी फेकलंच नाही. दिवा लावून पाहिला आणि पहिला नंबर दिला.

पुण्याहून आल्यावर तो वर्गात सांगत बसला, की तिथं विमानं बनवणाऱ्या एका इंजिनिअरनं त्याला विचारलं, पंख एवढे आखूड का?

"मग तू काय सांगितलंस?" मी विचारलं.

"म्हटलं, खोक्यात बसत नव्हते."

तो प्रश्न माझा होता. उत्तर माझ्याकडं होतं आणि मी शिरपुरात बसले होते. त्याच्या बक्षिसाचा हेवा केव्हाच विरला. त्या प्रश्नाचा हेवा आजही जाळतो.

तुमच्या गावच्या शाळेत यंदाही प्रदर्शन भरेल. तिथं जा. एखादी पोर विमान घेऊन आली असेल, तर परीक्षकाला तिला विचारायला लावा, हे कुठल्या हवेसाठी केलंस? तिचं सांगून होईपर्यंत त्याला विमानाला हात लावू देऊ नका.